जिनिंगमधले जादा तास: दुप्पट मजुरीचा अर्ज कोण करू शकतो, कागद कोणते, कार्यालय कोणतं

‘आता सरकारनंच बारा तास केले ना भाऊ, मग जादाचं कशाचं मागता?’

गेल्या हंगामात हे वाक्य मी तीन वेगवेगळ्या माणसांच्या तोंडून ऐकलं. तिघंही जिनिंगमध्ये, म्हणजे कापसातून सरकी वेगळी काढायच्या कारखान्यात, कामाला, आणि तिघांनाही ते मुकादमानं सांगितलेलं. मी तालुक्याच्या गावी लोकांचे अर्ज लिहून देतो. दिवाळीनंतर कापसाच्या गाड्या लागल्या की पहिला महिना कोणी येत नाही, हंगाम सरत आला की येतात. तोवर चार महिने आठ ते आठ काम झालेलं असतं आणि हातात त्याचा कागद एकही नसतो. म्हणून हंगामाच्या सुरुवातीलाच हे लिहितो आहे.

आधी त्या बारा तासांचं बघू. ३ सप्टेंबर २०२५ ला राज्य मंत्रिमंडळानं कारखान्यातल्या कामाची दिवसाची मर्यादा ९ तासांवरून १२ तासांवर नेण्याला मंजुरी दिली, हे खरं आहे. पण त्याच निर्णयात आठवड्याचे ४८ तास होते तसेच राहिले. जादा कामाची तीन महिन्यांची मर्यादा ११५ तासांवरून १४४ झाली आणि त्यासाठी कामगाराची लेखी संमती लागेल असंही ठरलं. मुकादम यातला पहिला आकडा सांगतो, पुढचे गाळतो. त्यानंतर २१ नोव्हेंबर २०२५ ला केंद्राच्या चार कामगार संहिता लागू झाल्या आणि १९४८ च्या कारखाने अधिनियमाची जागा व्यावसायिक सुरक्षा, आरोग्य आणि कामाची परिस्थिती संहितेनं घेतली. तिच्यात दिवसाचे ८ तास लिहिले आहेत. त्यावरच्या कामाला दुप्पट दर आहे, आणि जादा काम कामगाराच्या संमतीशिवाय घेता येत नाही.

चार दिवसांच्या आठवड्याची चर्चा मोबाइलवर खूप फिरते. त्याचा अर्थ एवढाच की चार दिवस बारा तास काम आणि तीन दिवस सुटी. चार बारे अठ्ठेचाळीसच. अमेरिकेत सिनेटर बर्नी सँडर्स यांनी २०२४ मध्ये ४० तासांचा आठवडा पगार न कापता ३२ वर आणायचं विधेयक मांडलं होतं, तसा तास खरोखर कमी करणारा कायदा आपल्याकडे झालेला नाही. आपल्याकडे आहेत ते ४८, आणि तेही फुकट आले नाहीत. १९४६ पर्यंत बारमाही कारखान्यांत आठवड्याला ५४ तास होते. डॉ. बाबासाहेब आंबेडकर व्हाइसरॉयच्या मंडळात मजूर खातं सांभाळत होते, तेव्हा कारखाने कायद्यात दुरुस्ती होऊन ते ४८ वर आले. विदर्भातल्या गावागावात त्यांचा पुतळा आहे. त्या गावातल्या माणसानं ७२ तास गेटाच्या आत राहावं आणि ४८ चा पगार घ्यावा, हे मला बघवत नाही.

अर्ज कोणाला करता येतो

रोजंदारी, महिना पगार, ठेक्यावरचा, फक्त हंगामापुरता, सगळ्यांना. ‘तू परमनंट नाहीस’ हे कारण चालत नाही. त्या चार संहितांपैकी मजुरीची जी वेतन संहिता, तिच्यात तर कामगारांची संख्याही आड येत नाही. ज्याचं किमान वेतन ठरलेलं आहे त्यानं नेहमीच्या तासांपेक्षा जास्त काम केलं, तर प्रत्येक जादा तासाला, अपुऱ्या तासालासुद्धा, दुप्पट दर. म्हणजे पाच माणसांची डाळ मिल किंवा गोंदिया-भंडाऱ्याकडची छोटी भात गिरणीही यात आली. वर सांगितलेल्या सुरक्षेच्या संहितेत वीज वापरणारा कारखाना धरायला २० माणसं लागतात, म्हणून ‘आमच्याकडे तर पंधराच आहेत’ असं उत्तर मिळू शकतं. त्याला घाबरू नका. कारखान्याचे नियम वेगळे, मजुरीचा हक्क वेगळा.

ठेकेदारामार्फत लागलेल्यांनी हे पक्कं लक्षात ठेवावं: ठेकेदार पळाला किंवा त्यानं हात वर केले, तर मजुरी द्यायची जबाबदारी मुख्य मालकावर येते. म्हणून अर्जात दोघांचीही नावं टाका.

मॅनेजर आणि कारभार बघणाऱ्यांना सुरक्षेच्या संहितेतला जादा तासांचा हक्क नाही. देखरेखीचं काम करणाऱ्याचा पगार महिना १८,००० रुपयांच्या वर असेल तर तोही बाहेर. नुसतं ‘सुपरवायझर’ म्हणून हाक मारतात, पण दिवसभर जिनवर कापूसच लोटायला लावतात, अशा पोरानं मात्र अर्ज करावा. काम काय करतो ते बघितलं जातं, हाक काय मारतात ते नाही. गठाणी चढवणारे हमाल माथाडी मंडळात नोंदलेले असतील तर त्यांची मजुरी मंडळामार्फत चालते, त्यांनी आधी मंडळात विचारावं. वणी-राजुऱ्याकडच्या कोळसा खाणीतल्या ठेका कामगारांसाठी राज्याचं नाही, केंद्राचं कामगार आयुक्त कार्यालय असतं. तिथले अर्ज चुकून इकडे येतात आणि महिना वाया जातो.

हिशोब

बहुतेक अर्ज इथेच कच्चे राहतात, म्हणून सावकाश बघा. समजा आठ तासांची रोजी ५२० रुपये ठरली आहे (हा आकडा उदाहरणाचा, सरकारी दर नाही). एका तासाचे ६५, दुप्पट म्हणजे १३०. सकाळी आठ ते रात्री आठ थांबलात आणि मधे एक तास जेवणाची सुटी मिळाली, तर काम ११ तास भरतं. जेवणाचा तास मोजू नका, नाहीतर सुनावणीत पहिल्याच प्रश्नाला अडकाल. जादा तास ३, त्याचे ३९०. त्या दिवसाचे एकूण ९१० व्हायला पाहिजेत. मालक ‘फुल रोज’ म्हणून ७०० देतो. दिवसाला २१० बुडाले, २६ दिवसांचे ५,४६०, पाच महिन्यांच्या हंगामात २७,३००. एवढ्यात शेवटच्या वेचणीचा खर्च निघतो.

आठवड्यानं मोजलं तरी तेच येतं. ११ तास गुणिले ६ दिवस म्हणजे ६६, वजा ४८, उरले १८ तास जादा. तेरा आठवड्यांच्या तिमाहीत हे २३४ तास होतात. वाढवलेली मर्यादा १४४ ची. म्हणजे ‘नव्या कायद्यानं चालतं’ म्हणणाऱ्याचं काम नव्या आकड्यातही बसत नाही. आणि मर्यादा मालकानं मोडली म्हणून केलेल्या कामाची मजुरी बुडत नाही, हेही त्याला सांगा.

रोजीच जर किमान वेतनापेक्षा कमी असेल तर आधी तो फरक काढा आणि दुप्पट दर किमान वेतनावर लावा. किमान वेतन उद्योगानुसार आणि परिमंडळानुसार बदलतं, त्यातला विशेष भत्ता जानेवारी आणि जुलैत बदलतो. चालू दराचा कागद कामगार कार्यालयातून मागून घ्या. बायांना रोजी कमी देणं हा स्वतंत्र गुन्हा आहे. रुई वेचणाऱ्या बाईला आणि तेच काम करणाऱ्या माणसाला एकच दर लागतो. रात्री सातनंतर बाईला थांबवायचं तर तिची संमती आणि सुरक्षेची सोय दोन्ही लागतात.

कागद

आधार, बँक पासबुकची झेरॉक्स, पीएफ किंवा ईएसआयचा नंबर असेल तर तो, मिळाली असेल तर पगाराची चिठ्ठी, गेटपास, हजेरी कार्ड. ई-श्रम कार्ड लोक हमखास आणतात. ते जोडलं तरी चालेल, पण तुम्ही त्या जिनिंगमध्ये होता हे त्यानं सिद्ध होत नाही.

खरा पुरावा म्हणजे तुमची वही. गठाणी बांधायच्या प्रेसवर काम करणाऱ्या एकानं माझ्यासमोर मुलाची शाळेची चौरेघी वही ठेवली होती. मधली पानं ग्रीसनं काळी, कोपरे दुमडलेले. रोजच्या तारखेपुढे ‘८ ते ८, जेवण १ ते २’. एका पानावर ‘गाडी उशिरा, १० वाजले, चहा दिला’. दुसऱ्यावर ‘बेल्ट तुटला, ३ ते ५ बंद, बसून’. मालकाकडून आलेल्या हजेरीपटात सगळ्या मजुरांपुढे, सगळ्या तारखांना, एकाच शाईत आठ तास. बेल्ट तुटल्याचा दिवस त्यात कुठे दिसलाच नाही. अधिकाऱ्यांनी दोन्ही शेजारी ठेवून बराच वेळ पानं उलटली. पुढच्या तारखेला मालकाचा माणूस रक्कम ठरवायला आला.

अशी वही आजपासून ठेवा. रोज लिहा, नंतर बसून एकदम लिहू नका. एका बैठकीत लिहिलेली वही ओळखू येते. बंद पडलेले तास, गैरहजेरी, उशीर, जे आपल्याविरुद्ध जातं तेही लिहा. वहीसोबत मुकादमाचे व्हॉट्सॲप निरोप (‘आज रात्री थांबा, दोन गाड्या आहेत’) वेळेसकट जपा, मोबाइल बदलायच्या आधी त्यांची प्रिंट काढा. फोनपेवर आलेली हप्त्याची, म्हणजे आठवड्याच्या मजुरीची, रक्कमही पुरावा आहे. आणि बरोबरच्या दोन मजुरांचे जबाब घ्या.

एवढं सगळं नसलं तरी अर्ज थांबवू नका. वेतन संहितेप्रमाणे मजुरी पूर्ण दिली हे सिद्ध करायचा भार मालकावर आहे.

अर्ज कुठे आणि कसा

जिल्ह्याच्या गावच्या कामगार कार्यालयात, सहायक कामगार आयुक्त किंवा सरकारी कामगार अधिकारी जे असतील त्यांच्या नावानं. तहसीलमध्ये किंवा पोलीस ठाण्यात हा अर्ज चालत नाही. जास्त तास राबवणं, आठवड्याची सुटी न देणं, मशीनला जाळी नसणं, ही तक्रार औद्योगिक सुरक्षा व आरोग्य संचालनालयाकडे वेगळी करायची. पैसे मागायचे ते कामगार कार्यालयात.

साध्या कागदावर मराठीत लिहिलं तरी सुरुवात होते. विषयाच्या ओळीत ‘वेतन संहिता २०१९, कलम ४५ अन्वये जादा कामाच्या मजुरीचा दावा’ असं टाका. मग जिनिंगचं नाव-पत्ता, मालक आणि ठेकेदार, कधीपासून कधीपर्यंत काम, रोजी किती, रोजचे तास किती, मिळाले किती, राहिले किती. हिशोबाचा तक्ता वेगळ्या पानावर. भावना लिहायच्याच असतील तर शेवटी दोन ओळी. तीन प्रती करा, एकीवर आवक क्रमांक आणि शिक्का घेतल्याशिवाय कार्यालय सोडू नका. पोस्टानं पाठवायचं तर स्पीड पोस्ट, पोचपावतीसह.

दहा-बारा जणांचं दुखणं एकच असेल तर एकच अर्ज करता येतो. नोंदणीकृत युनियनही तुमच्या वतीनं करू शकते. माझा अनुभव असा की एकटा आलेला माणूस दुसऱ्या तारखेला येत नाही, आठ जण आले की सगळे टिकतात.

मुदत आता ३ वर्षांची आहे. जुन्या वेतन प्रदान अधिनियमात १२ महिने होती, किमान वेतनाच्या कायद्यात ६ महिने. तरी वाट बघू नका, साक्षीदार पुढच्या हंगामाला दुसऱ्या गावी गेलेले असतात.

दावा मान्य झाला तर राहिलेल्या मजुरीसोबत तिच्या दहापटीपर्यंत भरपाई देता येते. निकाल तीन महिन्यांत देण्याचा प्रयत्न करावा असं कायदा म्हणतो, प्रत्यक्षात तारखा लांबतात हे गृहीत धरून चला. आदेश होऊनही मालकानं भरलं नाही तर वसुलीचा दाखला जिल्हाधिकाऱ्यांकडे जातो आणि जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी वसुली होते. कमी मजुरी दिल्याबद्दल ५०,००० रुपयांपर्यंत दंड वेगळा. निकाल विरुद्ध गेला तर ९० दिवसांत अपील.

वकिलाच्या पैशांची चिंता असेल तर तालुक्याच्या न्यायालयात विधी सेवा समिती आहे. औद्योगिक कामगाराला, सगळ्या स्त्रियांना आणि अनुसूचित जाती-जमातींच्या माणसांना उत्पन्न न बघता मोफत वकील मिळतो. फोन १५१००.

अर्ज दिला म्हणून दुसऱ्या दिवशी ‘उद्यापासून येऊ नको’ म्हटलं, तर तारीख, वेळ आणि कोण म्हणालं ते त्याच वहीत लिहा आणि तिसऱ्या दिवशी परत कार्यालयात जा. कामावरून काढलं किंवा तुम्ही स्वतः सोडलं, तरी राहिलेली सगळी मजुरी दोन कामाच्या दिवसांत द्यावी लागते. ती दिली नाही तर त्याच आवक क्रमांकाचा हवाला देऊन पुरवणी अर्ज जोडा, आणि वहीची मूळ प्रत कोणालाही देऊ नका, झेरॉक्सच द्या.