बोल्ट आत किती जायला पाहिजे? सगळ्यात जास्त जोर पहिल्या आट्यावर

कोल्हापूरच्या उद्यमनगरात किंवा शिरोली एमआयडीसीत एक समज हमखास ऐकायला मिळतो, की बोल्ट जेवढा खोल जाईल तेवढा जॉइंट पक्का. "घाल की अजून चार आटे, काय बिघडतंय?" ठराविक खोलीपर्यंत हे बरोबर आहे, त्यापुढे मात्र एका पैशाचाही फायदा नाही.

साधा नियम असा की जोर जास्त झाला तर बोल्ट तुटावा, आटे जाऊ नयेत. तुटलेला बोल्ट लगेच दिसतो आणि बदलता येतो, पण भोकातले आटे गेले की बोल्ट जागेवर बसलेला दिसतो, पकड मात्र संपलेली असते आणि वर अख्खं कास्टिंग वाया जाऊ शकतं.

आता हिशोब करू. एम१२ चा (१२ मिमी व्यासाचा) ८.८ ग्रेडचा बोल्ट घ्या, त्यातला पहिला ८ म्हणजे ताकद ८०० न्यूटन प्रति चौरस मिमी. ताण घेणारं क्षेत्रफळ ८४.३ चौरस मिमी, म्हणजे तो तुटायला साधारण ६७,००० न्यूटन लागतात, जवळपास सात टन. समोर अॅल्युमिनियमचं कास्टिंग आहे, ताकद २०० धरू, कातरताना त्याच्या साधारण ६० टक्के म्हणजे १२०. आटे बोल्टच्या बाहेरच्या व्यासावर कातरले जातात, तिथे दर मिमी खोलीला अंदाजे २८ चौरस मिमी धातू मिळतो, म्हणजे दर मिमीला ३,४०० न्यूटन. भागाकार केला की २० मिमी येतात, थोडी सुरक्षितता धरून २४, म्हणजे व्यासाच्या दुप्पट. पोलादात व्यासाएवढी आणि बिडात (कास्ट आयर्नमध्ये) दीडपट खोली धरतात. त्याच्या पुढे गेलं तरी बोल्टच आधी तुटणार, मग खोली वाढवून काय मिळणार?

पण या हिशोबात आपण धरलं की सगळे आटे सारखा भार घेतात, आणि मला सगळ्यात आवडणारी गोष्ट इथेच आहे, ते तसं घेतच नाहीत! नट आवळला की बोल्ट ओढला जाऊन लांबतो आणि नट दाबला जाऊन आखडतो, म्हणजे एम१२ चं १.७५ मिमीचं पिच, म्हणजे दोन आट्यांमधलं अंतर, बोल्टवर किंचित वाढतं, नटात किंचित कमी होतं, आणि दोन्ही आटे एकमेकांशी जुळेनासे होतात. फरक अगदी सूक्ष्म, पण पोलाद इतकं ताठ की तेवढ्यानेसुद्धा जोडाच्या बाजूचा पहिला आटा साधारण एक तृतीयांश भार उचलतो, पहिले तीन मिळून साधारण सत्तर टक्के, आणि शेवटच्यांच्या वाट्याला फारच थोडा येतो. १९४८ साली ब्रिटिश अभियंता सॉपविथ यांनी हे गणित व्यवस्थित मांडलं. आणखी दहा आटे घातले तरी पहिल्याचा भार फारसा उतरत नाही. म्हणून सतत थरथरणाऱ्या मशीनवरचे बोल्ट बऱ्याचदा नेमके पहिल्या गुंतलेल्या आट्यापाशी तुटतात. एकाच जागचा बोल्ट सारखा तुटला की नजर लागली म्हणून लिंबू-मिरची बांधतात, त्यापेक्षा टॉर्क पाना आणून बोल्ट बरोबर आवळला तर तो खरंच टिकेल.

मग वरचा हिशोब चालतो कसा? अॅल्युमिनियम आणि मऊ पोलाद थोडं वाकतं, पहिला आटा दबला की भार पुढच्यावर सरकतो आणि अगदी शेवटी सगळे जवळपास सारखे लढतात. बीड ठिसूळ, ते वाकत नाही, कडेचा तुकडा थेट उडतो, आणि कोल्हापूरच्या फौंड्रीवाल्यांनी बिडाच्या बाबतीत हे विशेष लक्षात ठेवायला पाहिजे.

मोजताना फक्त पूर्ण आटे मोजायचे. भोकाच्या तोंडाचा चॅम्फर (तिरकी कापलेली कड), बोल्टचं निमुळतं टोक, बंद भोकात टॅपच्या (आटे पाडायच्या हत्याराच्या) टोकाने अर्धवट पाडलेले आटे, यातलं काहीच धरायचं नाही. म्हणजे अॅल्युमिनियमात २४ मिमी पकड पाहिजे असेल तर ड्रिल ३० च्या आसपास न्यावं लागतं, आणि जागा तेवढी नसेल तर हेलिकॉइल, म्हणजे भोकात बसवायची आट्यांची तारेची गुंडाळी, बसवा. त्याचे बाहेरचे आटे मोठ्या व्यासावर असतात म्हणून कातरायला जास्त धातू मिळतो, शिवाय कॉइल थोडी लवचिक असल्याने पहिल्या आट्यावरचा जोरही बाकीच्यांत वाटला जातो.