उत्तरस्मृती (चित्रपटांतील)

उत्तरस्मृती : आईवडिलांनी किंवा आजीआजोबांनी सोसलेला आघात पुढच्या पिढीला स्वतःचाच असल्यासारखा आठवू लागतो, त्या आठवणीची संज्ञा. ज्यूंच्या संहारातून वाचलेल्यांच्या मुलांविषयी लिहिताना साहित्याच्या अभ्यासक मारियान हर्श यांनी ती १९९०च्या दशकाच्या सुरुवातीला रूढ केली. आघात ‘रक्तातून येतो’ असे सर्रास म्हटले जाते. हर्श यांचा रोख मात्र जीवशास्त्राकडे नाही. घरातले फोटो, अर्ध्यावर तोडलेली वाक्ये, ठरावीक विषय निघताच पसरणारी शांतता यांतून मूल तुकडे गोळा करते आणि मधल्या जागा कल्पनेने भरते.

चित्रपटकाराची अडचण इथेच सुरू होते, कारण जे दाखवायचे त्याचे चित्रणच बहुधा नसते. दुसऱ्या महायुद्धात अमेरिकेने सुमारे १ लाख २० हजार जपानी वंशाच्या लोकांना छावण्यांत डांबले. चित्रपटकार रिया ताजिरी यांच्या आईचे कुटुंब ॲरिझोनातील पोस्टन छावणीत होते. आईला त्या काळातले फारसे काही आठवत नव्हते. मुलीच्या मनात मात्र वाळवंटातल्या नळावर पाणी भरणारी आई होती. ‘हिस्टरी अँड मेमरी’ (१९९१) या लघुपटात ताजिरींनी ते दृश्य स्वतः अभिनय करून उभे केले. अमेरिकेच्या पर्ल हार्बर तळावरील जपानी हल्ल्याचे चित्रीकरण भरपूर सापडते, या आईचे एकही नाही. लघुपटाचा सगळा युक्तिवाद या विषमतेवर उभा आहे.

बेल्जियमच्या चित्रपटकार शांताल अकरमन (१९५०–२०१५) यांनी मात्र काही पुन्हा उभे करण्याचा प्रयत्नच केला नाही. त्यांची आई नाझींच्या आउश्वित्झ छळछावणीतून वाचली आणि त्याबद्दल जवळजवळ बोलली नाही. ‘न्यूज फ्रॉम होम’मध्ये (१९७६) न्यूयॉर्कचे रस्ते दिसत राहतात आणि अकरमन आईची काळजीने भरलेली पत्रे वाचतात, मध्येच शहराचा गोंगाट शब्द गिळून टाकतो. शेवटच्या ‘नो होम मूव्ही’त (२०१५) कॅमेरा आईच्या ब्रुसेल्समधील घरात थांबतो. स्वयंपाकघरातल्या गप्पांत भूतकाळ ओझरताच येतो, आणि तो तसा येतो म्हणूनच अंगावर येतो.

उलट प्रकारही आहे. इटलीच्या आलिना मराझी सात वर्षांच्या असताना त्यांच्या आईने आत्महत्या केली. आजोबांनी चित्रित केलेल्या घरगुती रिळांचा मोठा साठा हाती होता, पण त्यांत कुटुंब सुखीच दिसते. मराझींनी २००२च्या चित्रपटात त्या दृश्यांवर आईची पत्रे आणि डायऱ्या स्वतःच्या आवाजात वाचल्या, आणि हसऱ्या चेहऱ्यांचा अर्थच बदलला.

कंबोडियाचे रिथी पान्ह यांना समीक्षक अनेकदा याच पंक्तीत बसवतात. काटेकोर पाहता ते इथे बसत नाहीत. ख्मेर रूज या कम्युनिस्ट गटाच्या राजवटीत (१९७५–७९) कुटुंबातली माणसे गेली, तेव्हा ते स्वतः तिथे होते, अकरा ते पंधरा वर्षांचे. २०१३च्या चित्रपटात ते हा काळ मातीच्या बाहुल्यांतून उभा करतात, आणि त्या बाहुल्यांमागे आहे ती त्यांनी डोळ्यांनी पाहिलेली स्मृती.