वाय३७ म्हणजे ‘युद्धातील जखम’ का?

भाजलेल्या रुग्णाच्या कागदावर वाय३७ हा कोड असेल तर तो सैनिक युद्धात जखमी झाला, असा समज बराच काळ फिरत आहे. अमेरिकेत वापरल्या जाणाऱ्या आयसीडी-१०-सीएम या आजार व दुखापतींच्या वर्गीकरणात युद्धाचा गट वाय३६ हा आहे. वाय३७ हा गट शांततेच्या काळात लष्करी जागेत किंवा नेहमीच्या सरावात झालेल्या दुखापतींसाठी आहे. दोन्ही गटांत आग व तप्त पदार्थांचा उपगट .३ असाच असल्याने गोंधळ होणे स्वाभाविक आहे.

मुळात हे कोड जखमेचे नाहीतच. ते केवळ तिचे कारण सांगतात आणि मुख्य निदान म्हणून पहिल्या ओळीत कधीच लिहिले जात नाहीत. सरावात पेट्रोल बॉम्बने हात भाजला, तर मनगट व हाताच्या भाजण्याचा टी२३ हा कोड आधी येतो, शरीराचा किती टक्के भाग भाजला हे टी३१ सांगतो आणि त्यानंतर वाय३७.३१०ए लिहिला जातो. यातील सहावे चिन्ह शून्य असेल तर व्यक्ती लष्करी, एक असेल तर नागरिक. म्हणजे रुग्ण सैनिकच असेल असेही नाही. (शेवटचा ‘ए’ उपचार अजून सक्रिय टप्प्यात असल्याचे दर्शवतो, जखमेची तीव्रता नव्हे.) कवायतीत झालेला उष्माघात मात्र भाजणे नव्हे, त्याचे निदान टी६७ मध्ये नोंदवले जाते.

पडताळणीसाठी ही कोडयादी इंटरनेटवर मोफत मिळते. वाय३६ आणि वाय३७ यांच्या शीर्षकांखालील ‘समाविष्ट’ या टिपा शेजारी ठेवून वाचल्या की फरक लगेच दिसतो.