‘जुलमी’, ‘बेदर्दी’, ‘बेईमान’: सिनेगीतांतल्या लाडिक दूषणांची पार्श्वभूमी

हिंदी सिनेगीतांत आवडत्या माणसाला जालीम, कातिल, बेदर्दी म्हटले तरी ऐकणाऱ्याला राग जाणवत नाही. ही किमया सिनेमाची नाही. बोलपट आला १९३१ मध्ये. या दूषणांना लाड चिकटला तो त्याआधी कित्येक शतके.

त्यांचे दोन झरे आहेत. एक कृष्णकथेचा. नाट्यशास्त्राने नायिकेच्या विभ्रमांत ‘कुट्टमित’ सांगितले आहे: मनातून सुखावलेली असताना वरवर त्रागा करणे. बाराव्या शतकातल्या ‘गीतगोविंदा’त जयदेवाची राधा रात्र दुसरीकडे घालवून आलेल्या कृष्णाला ‘याहि माधव’ (जा, माधवा) म्हणत, थापा मारू नकोस म्हणून परतवते. मराठीत हे भांडण गवळणीत रंगले, तिकडे लखनौ-बनारसच्या ठुमरीत. इथली दूषणे वचन मोडणाऱ्याची आहेत: निर्मोही, हरजाई, बेईमान.

दुसरा झरा फारसी-उर्दू गझलेचा. तिथे प्रिय व्यक्ती म्हणजे राजा नाहीतर मारेकरी. पापण्या बाण, भुवया धनुष्य. म्हणून जालीम, सितमगर, कातिल. धर्माच्या भाषेतला ‘काफिर’सुद्धा गालिबकडे लाडका होतो: ‘उसी को देख कर जीते हैं जिस काफ़िर पे दम निकले’.

दोन्हीकडे दूषण देणारा हरलेला असतो, आणि आमच्या मते सगळे त्यावरच उभे आहे. ‘मधुमती’ (१९५८) मधले शैलेंद्रचे ‘जुलमी संग आँख लड़ी’ पाहा. ‘जुलमी’ प्रियकराच्या तोंडावर म्हटलेले नाही. लगेच ‘सखी’ येते. म्हणजे ही मैत्रिणीजवळची कबुली, आणि ‘आँख लड़ी’त आपलाही वाटा मान्य केलेला. सलील चौधरींची नाचरी चाल उरलासुरला कडवटपणा धुऊन काढते.

हा साचा उलटाही फिरवता येतो. ‘गाईड’मध्ये (१९६५) रोझी रंगमंचावर ‘सैंया बेईमान’ गाते. शब्द ठुमरीतला, लटक्या रुसव्याचा. पण कथेत तिचा प्रियकर राजू याने तिची खोटी सही खरोखरच केलेली असते. शब्द जुन्या अर्थाला परत जातो आणि बोचतो.

साचा फसतो तो बलवान माणूस बोलू लागला की. मुलीची वाट अडवून, तिने तोंड फिरवल्यावर नायक तिलाच ‘जालीम’ म्हणतो, तेव्हा शब्द गझलेचा असला तरी हरलेले कोणीच नसते. ती लाडीगोडी नव्हे, छेडछाडच.