रोमँटिक सस्पेन्स : संशयित नायकापासून जायबंदी नायकापर्यंत

रोमँटिक सस्पेन्स या नावाखाली आज ज्या इंग्रजी कादंबऱ्या विकल्या जातात, त्यांतला नायक बहुधा सैन्यातून किंवा पोलीस खात्यातून बाहेर पडलेला, रात्री दचकून उठणारा आणि माणसांपासून लांब राहू पाहणारा असतो. नायिकेच्या मागावर कोणीतरी असते, आणि तिला वाचवता वाचवता तो स्वतःही सावरतो. हा साचा वाचकांच्या इतका अंगवळणी पडला आहे की तो पहिल्यापासून असाच असावा असे वाटते. प्रत्यक्षात त्याचे वय जेमतेम चार दशकांचे आहे. त्याआधीच्या मोठ्या कालखंडात या कथांमधली नायिका ज्याच्यावर जीव टाकत असे त्याच्याविषयीच तिच्या मनात संशय असे, आणि धोका बाहेरून चालून येत नसे, तो घरातच वस्तीला असे.

आरंभीचा काळ थोडक्यात सांगता येतो. गॉथिक कादंबरीचा, म्हणजे जुन्या वाड्या-किल्ल्यांत घडणाऱ्या भयकथेचा, प्रारंभ 1764 मधील ‘द कॅसल ऑफ ओट्रँटो’पासून मानण्याची पद्धत आहे, आणि 1794 मधील ‘द मिस्टरीज ऑफ युडॉल्फो’ने अनाथ नायिकेला परक्या किल्ल्यात कोंडून शेवटी सगळ्या भुताखेतांचा व्यवहारी खुलासा करण्याची रीत रुळवली. मात्र प्रेम, भय आणि मोडलेला माणूस या तिन्ही गोष्टी एकत्र आल्या त्या 1847 मध्ये, ‘जेन एअर’मध्ये. तिथल्या नायकाने वेडी ठरवलेली पहिली बायको घराच्या तिसऱ्या मजल्यावर कोंडून ठेवली आहे हे ऐन लग्नाच्या वेळी उघड होते, आणि पुढे त्याच घराला लागलेल्या आगीत तो एक हात आणि दृष्टी गमावतो. नायिका त्याच्याशी लग्न करते ते त्यानंतर. ही दुखापत त्याच्या पूर्वायुष्यातून आलेली नाही, ती कथेने त्याला केलेली शिक्षा आहे, आणि ती भोगून झाल्यावरच त्याच्या एका डोळ्याला थोडे दिसू लागते. आधी अपराध, मग जखम आणि मग प्रेम हा क्रम लक्षात ठेवण्याजोगा आहे, कारण पुढची सगळी ओढाताण त्याच्यावरूनच झाली.

1938 मध्ये प्रसिद्ध झालेल्या ‘रिबेका’ने हा क्रम मोडला. वयाने मोठ्या विधुराशी लग्न करून आलेली बुजरी तरुणी, पहिल्या पत्नीच्या आठवणींनी भरलेला वाडा, आणि त्या आठवणींची राखण करणारी करड्या शिस्तीची घरव्यवस्थापक बाई, हा सरंजाम वाचकांच्या ओळखीचा आहे. कादंबरीचा खरा धक्का दुसरीकडे आहे. नवरा दुसऱ्या बायकोला सांगतो की पहिलीला मीच गोळी घातली, आणि हे ऐकून त्या तरुणीला खुनाची भीती वाटण्याऐवजी हायसे वाटते, कारण त्याचे पहिलीवर प्रेम नव्हते एवढेच तिच्या कानांत राहते. कायदा त्याला हात लावत नाही. वाडा जळतो, दोघे परदेशी हॉटेलांत दिवस काढतात, आणि लेखिका वाचकाला त्याच्या अपराधासह त्या जोडप्याजवळ बसवून ठेवते.

दोन वर्षांनी, 1940 मध्ये, यावर हॉलिवूडमध्ये चित्रपट निघाला, आणि त्या वेळी घेतल्या गेलेल्या एका निर्णयावर आजही वाद होतो. अमेरिकी चित्रपटांना त्या काळी एक आचारसंहिता लागू होती. ती 1930 मध्ये तयार झाली होती आणि 1934 पासून तिची अंमलबजावणी काटेकोरपणे होत होती. बायकोचा खून करून नवरा सुटला आणि दुसऱ्या बायकोबरोबर संसाराला लागला, असे पडद्यावर दाखवणे तिच्या चौकटीत बसणारे नव्हते. निर्मात्याला कादंबरीशी इमान राखायचे होते, तरीही शेवटी गोळी गेली आणि अपघात आला. चित्रपटात पहिली बायको नवऱ्याला डिवचत पुढे येते, अडखळून पडते आणि तिचे डोके जहाजाच्या सामानातल्या एका जड वस्तूवर आपटते. दिग्दर्शकाने हा प्रसंग ज्या पद्धतीने घेतला आहे तो पाहण्यासारखा आहे : नवरा सगळी हकीकत तोंडाने सांगत असतो आणि कॅमेरा किनाऱ्यावरच्या त्या रिकाम्या खोलीत, कोचापासून उठून पुढे सरकत, मेलेल्या बाईच्या हालचालींचा माग काढत जातो. खोलीत कोणीच नसते. तिथे काय झाले याला त्या एका माणसाच्या शब्दाखेरीज पुरावाही नसतो.

हा बदल केवळ अभ्यवेक्षणाची (सेन्सॉरची) अडचण निभावून नेण्यासाठी होता, त्याला वाङ्मयीन महत्त्व देऊ नये, असे म्हणणारे पुष्कळ आहेत. त्यांच्या बाजूने बोलायचे तर, चित्रपटाने मूळ कादंबरीचा खप थांबवला नाही, आणि गोळीची हकीकत वाचणाऱ्यांना ती मिळतच राहिली. एका चित्रपटाने एक वाङ्मयप्रकार बदलला असा दावा प्रस्तुत टिपणातही करायचा नाही. परंतु त्या निर्णयातून जी युक्ती हाती आली ती पुढच्या लेखनात इतक्या वेळा दिसते की तिच्याकडे दुर्लक्ष करणे कठीण आहे. नवऱ्याने काहीच केलेले नाही, पण आपण केले असे त्याला वाटते. अपराध वजा झाला, अपराधाची बोच मात्र शिल्लक राहिली. नायकाला काळोखा भूतकाळ हवा, पण त्या भूतकाळाची जबाबदारी त्याच्यावर नको, या दुहेरी मागणीची सोय त्या अपघाताने करून दिली. ज्याला आज ‘दुखावलेला नायक’ म्हणतात तो याच वजाबाकीतून निघाला, आणि या वजाबाकीत काहीतरी गमावले गेले, असे प्रस्तुत लेखकाचे मत आहे.

यानंतर वीस वर्षांनी हा प्रकार घाऊक बाजारात आला. न्यूयॉर्कच्या एका स्वस्त पुस्तकांच्या प्रकाशनसंस्थेतील संपादकाने आपल्या आईची ‘रिबेका’वरची आवड पाहून तशाच धर्तीच्या जुन्या-नव्या कादंबऱ्या शोधल्या आणि 1960 पासून त्या ‘गॉथिक’ या शिक्क्याखाली छापायला सुरुवात केली. त्याच वर्षी इंग्लंडमधील कॉर्नवॉलच्या एका वाड्यात बेतलेली ‘मिस्ट्रेस ऑफ मेलिन’ टोपणनावाने प्रसिद्ध झाली आणि दोन्ही देशांत खपली. या पुस्तकांची मुखपृष्ठे ठरलेली असत : निळसर काळोख, मागे टेकडीवर वाडा, वाड्याच्या एकाच खिडकीत दिवा, आणि पुढे पायघोळ झग्यातली तरुणी, धावता धावता मागे वळून पाहणारी. त्या एका खिडकीतला दिवा नसेल तर पुस्तक खपत नाही, अशी त्या धंद्यातली समजूत होती. मुंबईत फोर्टच्या पदपथावर जुन्या पुस्तकांचे ढीग उपसणाऱ्यांना ही मुखपृष्ठे पुढे कित्येक वर्षे भेटत राहिली. पाने पिवळी पडलेली असत, पण खिडकीतला दिवा तेवढा टिकून असे.

1973 मध्ये एका अमेरिकी लेखिकेने या पुस्तकांवर निबंध लिहिला. त्याच्या शीर्षकाचा आशय असा होता की कोणीतरी माझ्या जिवावर उठले आहे आणि मला वाटते तो माझा नवराच आहे. तिने दाखवलेली मांडणी आजही उपयोगी पडते. या कथांत दोन पुरुष असतात. एक घुम्या, तुसडा, सगळ्या पुराव्यांचा रोख ज्याच्याकडे आहे असा; दुसरा गोड बोलणारा, मदतीला धावणारा. शेवटी पहिला निर्दोष निघतो आणि दुसरा खुनी. म्हणजे संशयाचा सगळा खेळ खरा असला तरी त्याचा निकाल आधीच ठरलेला असतो, आणि नवऱ्याचा तुसडेपणा म्हणजे त्याने गिळलेले दुःख होते, असा खुलासा नायिकेला मिळतो.

याच सुमारास दुसरा एक प्रवाह वाहत होता, आणि त्याची दखल कमी घेतली जाते. 1950च्या दशकाच्या मध्यापासून एका ब्रिटिश लेखिकेने वाड्याची कोंडी सोडून नायिकेला उघड्यावर आणले. प्रोव्हान्स, क्रीट, कॉर्फू अशा ठिकाणी सुट्टीवर गेलेली, स्वतः गाडी चालवणारी, शिकलेली तरुणी एखाद्या गुन्ह्यात योगायोगाने ओढली जाते आणि धोक्यातून बाहेर पडताना तिला जोडीदार मिळतो. इथे धोका घराबाहेर गेला होता. पुढे रोमँटिक सस्पेन्स हे नाव ज्या पुस्तकांना चिकटले त्यांची चण या लेखिकेकडून आली, आणि त्यांच्या नायकाचा चेहरा त्या वाड्यातल्या नवऱ्याकडून.

‘गॉथिक’ची लाट 1972 नंतर ओसरली, त्या वर्षी निघालेल्या एका जाडजूड ऐतिहासिक प्रणयकादंबरीने शय्यागृहाचे दार उघडे ठेवले आणि वाचकवर्ग तिकडे वळला. 1980च्या आसपास मात्र तीन गोष्टी जवळजवळ एकाच वेळी घडल्या. अमेरिकेत प्रणयलेखकांची संघटना उभी राहिली, आणि कालांतराने तिने प्रणयकादंबरीची जी व्याख्या रूढ केली तिच्यात प्रेमकथा केंद्रस्थानी असावी आणि शेवट समाधान देणारा व आशादायी असावा, अशा दोन अटी होत्या. 1984 मध्ये कॅनडातील एका मोठ्या प्रकाशनगृहाने प्रेम आणि रहस्य यांची सांगड घालणारी स्वतंत्र मासिक मालिका सुरू केली. आणि 1980 मध्येच अमेरिकी मानसोपचारतज्ज्ञांच्या निदानपुस्तिकेच्या तिसऱ्या आवृत्तीत पीटीएसडी, म्हणजे भीषण आघातानंतर मागे राहणारा मानसिक विकार, हे निदान प्रथम दाखल झाले, त्यामागे व्हिएतनामहून परतलेल्या सैनिकांनी आणि त्यांच्या बाजूच्या डॉक्टरांनी लावलेला रेटा होता. या तिसऱ्या घटनेचा कादंबऱ्यांशी संबंध वरवर दिसत नाही, पण तुसडेपणाला आता वैद्यकीय नाव मिळाले. नायक बोलत नाही, झोपत नाही, दाराकडे पाठ करून बसत नाही, याचे कारण त्याने काही केले हे नसून त्याच्यावर काही बेतले हे आहे, असे म्हणण्याची मुभा लेखिकांना मिळाली. 1990च्या दशकात नौदलाच्या विशेष पथकातल्या जवानांच्या मालिका आल्या, 2001 नंतर अफगाणिस्तान आणि इराकमधून परतलेल्यांची त्यांत भर पडली, आणि वाड्याच्या धन्याची जागा कायमची गेली.

मराठीत या प्रकाराला नाव नाही, याचे कारण शब्दांच्या गुंत्यात आहे. रोमान्स या शब्दासाठी जुन्या समीक्षेने ‘अद्भुतरम्य’ हा शब्द घडवला आणि 1861 मधील ‘मुक्तामाले’सारख्या कादंबऱ्यांना तो लावला, त्यात प्रेमापेक्षा साहस आणि योगायोग यांचा वाटा मोठा. ‘प्रणय’ म्हटले की आज वाचकाच्या मनात शृंगारप्रसंग उभे राहतात, आणि ‘रहस्यकथा’ म्हटले की गुन्हेगार कोण हा प्रश्न. मराठीत एकेका लेखकाने शेकड्यांनी रहस्यकथा लिहिल्या, पण त्यांत प्रेम हे तोंडीलावण्यापुरते. त्याहून मोठी अडचण दुखावलेल्या माणसासाठी शब्द शोधताना येते. ‘घायाळ’ हा हाताशी असलेला शब्द आपण नजरेच्या बाणांसाठी आधीच खर्च करून टाकला आहे, त्यामुळे घायाळ नायक म्हटले की तो प्रेमात पडलेला वाटतो, युद्धातून परतलेला वाटत नाही. ‘खचलेला’ म्हणावे तर त्यात हार आहे. ‘जायबंदी’ हा शब्द मनाला लावणे थोडे ओढूनताणून होते, पण प्रस्तुत टिपणात तो मुद्दाम वापरला आहे, कारण त्यात माणूस अजून रणात आहे असे सूचित होते.

नाव नसले तरी कथा नव्हती असे नाही. 1964 मधील ‘पाठलाग’ हा मराठी चित्रपट एका मराठी कादंबरीवर आधारलेला होता, आणि दोनच वर्षांनी तो ‘मेरा साया’ या नावाने हिंदीत आला. हिंदी अवतारात बायकोच्या मृत्यूने उन्मळून पडलेला वकील न्यायालयात तिच्याचसारख्या दिसणाऱ्या, दरोडेखोर म्हणून पकडलेल्या बाईची उलटतपासणी घेतो, आणि ती बाई त्याच्या संसारातल्या खासगी गोष्टी एकेक करून सांगू लागते. इथे संशय उलटा फिरतो : जखम पुरुषाची, पण पिंजऱ्यात उभी बाई, आणि आपण कोण आहोत हे सिद्ध करण्याचे ओझेही तिच्यावरच. इंग्रजी कादंबऱ्यांतही हा असमतोल फार काळ टिकला. ‘जेन एअर’मधल्या कोंडलेल्या बायकोची बाजू 1966 मध्ये कॅरिबियनमध्ये जन्मलेल्या एका लेखिकेने स्वतंत्र कादंबरीत मांडली, तरी प्रेमाला पात्र ठरणारे दुखावलेपण मुख्यतः पुरुषांनाच मिळत राहिले, हिंसाचारातून सुटून आलेली, औषधे घेणारी, स्वतः शस्त्र बाळगणारी नायिका सर्रास दिसू लागली ती गेल्या काही दशकांत.

2010 नंतर ‘डार्क रोमान्स’ नावाची शाखा फोफावली, आणि 1940 मध्ये वजा केलेला अपराध तिथे परत आला. या पुस्तकांतला नायक अपहरण करतो, खून करतो आणि त्याचे त्याला वाईट वाटलेच पाहिजे अशी अट नाही. शेवट मात्र जुन्या व्याख्येप्रमाणे सुखाचाच असतो. कथा सुरू होण्यापूर्वी अनेकदा एक स्वतंत्र पान येते आणि पुढे कोणकोणती हिंसा वाचावी लागेल याची यादी त्यावर छापलेली असते.