वारुळातून उगवणारं इंद्रधनुष्य

आषाढाचा पहिला दिवस आला की नागपुरात कालिदास आठवतोच, आणि त्याच्याबरोबर तो विरही यक्ष आणि त्याचा निरोप नेणारा तो ढग. 'मेघदूता'तलं इंद्रधनुष्य मात्र फारसं कुणाच्या बोलण्यात येत नाही. पूर्वमेघात, म्हणजे काव्याच्या पहिल्या भागात, ढग रामगिरीवरून निघण्याच्या बेतात असताना, यक्ष त्याला म्हणतो की समोर बघ, नाना रत्नांचे रंग एकमेकांत मिसळावेत तसा इंद्रधनुष्याचा तुकडा वारुळाच्या टोकातून वर येतोय. तो अंगावर पडला की तुझी सावळी काया मोरपीस ल्यालेल्या गोपवेषातल्या विष्णूसारखी खुलेल.

आता इंद्राचं धनुष्य आकाशातलं. ते मुंग्यांच्या वारुळातून का निघावं?

याचा धागा ज्योतिषी वराहमिहिराच्या 'बृहत्संहिते'त सापडतो. ग्रंथ सहाव्या शतकातला, म्हणजे बहुतेक अभ्यासक कालिदासाला जिथे ठेवतात त्याच्या नंतरचा. पण वराहमिहिर आपल्याआधीच्या आचार्यांची मतं नोंदवत जातो, म्हणून इथे तो उपयोगी पडतो. इंद्रधनुष्यावर त्याने स्वतंत्र अध्याय लिहिला आहे. सुरुवात अगदी भौतिकशास्त्राच्या तासासारखी: सूर्याचे नानारंगी किरण वाऱ्याने विखुरले जाऊन ढगाळ आकाशात धनुष्याच्या आकारात दिसतात, तेच इंद्रधनुष्य. आणि लगेच पुढे दुसरं मत येतं. काही आचार्य म्हणतात, अनंत नागाच्या कुळातल्या सर्पांच्या निःश्वासातून ते उत्पन्न होतं.

नाग म्हटला की वारूळ आलंच. नागपंचमीला वारुळाची पूजा करणाऱ्या आणि श्रावणाच्या तोंडावर सातपुड्यात पचमढीच्या नागद्वार यात्रेला गर्दी करणाऱ्या विदर्भातल्या वाचकाला हे वेगळं समजावून सांगायची गरज नाही. जमिनीखालच्या नागाचं तेज वर येऊन आकाशात रंग भरतं, अशी ती कल्पना. यक्षाने रत्नांची उपमा दिली आहे, त्यामागेही नागाच्या माथ्यावरचा मणीच असावा असं मला वाटतं.

पुढचा भाग मला जास्त चकित करतो. वराहमिहिराच्या हिशेबात हे दृश्य शुभ नाहीच. पाण्यात इंद्रधनुष्य दिसलं तर अवर्षण, जमिनीवर दिसलं तर पिकांचा नाश, झाडावर दिसलं तर रोगराई, आणि वारुळावर दिसलं तर शस्त्रभय, म्हणजे लढाईची धास्ती. रात्री दिसलं तर राजाच्या मंत्र्याचा मृत्यू. (आजच्या मंत्र्यांनी घाबरू नये, चांदण्यातलं इंद्रधनुष्य फार क्वचित दिसतं.) स्वारीवर निघालेल्या राजाच्या समोर ते आलं तर पराजय ठरलेला. मेघदूतातला ढगही प्रवासालाच निघालाय, धनुष्य त्याच्या समोर आहे आणि वर ते वारुळातून आलंय. शकुनशास्त्राच्या कसोटीवर इतका वाईट मुहूर्त शोधूनही मिळाला नसता! कालिदासाने नागाचा संबंध ठेवला, अपशकुन मात्र सरळ गाळला आणि त्या उजेडाचा ढगाच्या अंगावर दागिना केला. हे त्याने जाणूनबुजून केलं असावं, असं माझं मत.

रामगिरी म्हणजे आपलं रामटेकच, यावर मात्र सगळ्यांचं एकमत नाही. 'मेघदूता'चा जुना भाष्यकार मल्लिनाथ याने रामगिरीचा अर्थ चित्रकूट असा केला. छत्तीसगडच्या सरगुजातल्या रामगढचा दावाही जुना आहे. नागपूरच्या ईशान्येला सुमारे ५० किलोमीटरवर असलेल्या रामटेकची बाजू महामहोपाध्याय वा. वि. मिराशींनी लावून धरली. तिला बळ देणारा एक पुरावा विदर्भावर राज्य करणाऱ्या वाकाटकांच्या ताम्रपटातला आहे. गुप्त सम्राट चंद्रगुप्त दुसरा याची मुलगी आणि वाकाटकांची राणी प्रभावतीगुप्ता हिचा रिद्धपूर ताम्रपट रामगिरीस्वामीच्या, म्हणजे रामगिरीवरच्या देवाच्या, चरणांपासून दिल्याचं त्यातच लिहिलंय. वाकाटकांची नंदिवर्धन ही राजधानी, म्हणजे आजचं नगरधन, रामटेकच्या पायथ्यापासून अगदी जवळ. परंपरा कालिदासाला त्याच चंद्रगुप्ताच्या दरबारात बसवते, त्यामुळे धागे जुळतात.

इंद्रधनुष्याच्या विज्ञानाची गोष्ट सगळ्यांच्या पाठ्यपुस्तकात आहे, तेव्हा थोडक्यात. चौदाव्या शतकाच्या सुरुवातीला इराणमध्ये कमालुद्दीन फारिसी आणि युरोपात थिओडोरिक या दोघांनी, एकमेकांची खबर नसताना, पाण्याने भरलेल्या काचेच्या गोळ्यांवर प्रयोग करून थेंबातला किरणांचा मार्ग शोधला. १६३७ मध्ये देकार्तने गणिताने मांडलं की कमान सूर्याच्या नेमक्या विरुद्ध बिंदूपासून सुमारे ४२ अंशांवर दिसते, रंगांचा उलगडा न्यूटनने केला.

हा ४२ अंशांचा नियम रामटेकला लावून पाहण्यात मजा आहे. आषाढ लागताना इथे माध्यान्हीचा सूर्य जवळजवळ डोक्यावर असतो. सूर्य ४२ अंशांपेक्षा वर असेल तर सपाट जमिनीवरून इंद्रधनुष्य दिसतच नाही. म्हणजे त्या दिवसांत रामटेकला ते सकाळी पावणेनऊच्या सुमारापर्यंत, नाहीतर दुपारी पावणेचारनंतर. श्लोकातल्या 'पुरस्तात्' या शब्दाचा अर्थ 'समोर' असाही होतो आणि 'पूर्वेला' असाही. पूर्वेला घेतला तर सूर्य पश्चिमेकडे कललेला, म्हणजे वेळ दुपार उतरतीची. पावणेचारच्या जेमतेम नंतर कमानीचा फक्त माथा क्षितिजाला टेकलेला दिसेल. सूर्य जसा खाली जाईल तशी तिची टोकं जमिनीतून सरळ वर निघाल्यासारखी दिसू लागतील. सर एका बाजूलाच पडत असेल तर उमटतो तो नुसता तुकडा, आणि कालिदासही अख्खं धनुष्य म्हणत नाही, 'खंड'च म्हणतो. उंच टेकडीवर उभं राहिलं तर कमानीचं टोक क्षितिजाच्याही खाली, उतारावरच्या झाडाझुडपांवर आणि वारुळांवर टेकलेलं दिसू शकतं.