होलाशोवित्से: दोनदा ओस पडलेलं गाव, न हललेलं गावठाण

चेक प्रजासत्ताकातल्या दक्षिण बोहेमिया भागात, चेस्के बुद्येयोवित्से शहराच्या पश्चिमेला साधारण १५ किलोमीटरवर होलाशोवित्से आहे. दक्षिणेला ब्लान्स्की लेसचे जंगली डोंगर, त्यात १,०८४ मीटर उंचीचं क्लेत शिखर. गावाभोवती शेतं आणि कुरणं. वस्ती जेमतेम दीडशेची. स्वतंत्र ग्रामपंचायतही नाही, कारभार शेजारच्या यान्कोवकडे. तरी १९९८ साली युनेस्कोने हे गाव जागतिक वारसा यादीत घेतलं. फोटोंत लक्ष जातं ते रंगीत घरांकडे, पण ती फार जुनी नाहीत. खरं जुनं आहे ते गावठाण.

मधोमध सुमारे २१० मीटर लांब आणि ७० मीटर रुंद गवताळ चौक. त्यात छोटं तळं, क्रूस, लोहारकामाची जागा आणि नेपोमुकच्या संत यानचं १७५५ मधलं चॅपल. तळं शोभेचं नव्हे: गुरांना पाणी आणि आग लागली तर बादल्या भरायला जवळचा साठा. चौकाभोवती २३ शेतकरी वाडे. प्रत्येकाची जागा समोरून अरुंद, मागे खोल. चौकाला लागून घर, मग अंगण, मागे आडवं धान्याचं कोठार, त्यापलीकडे परसबाग आणि शेवटी शेत. ही आखणी तेराव्या शतकातली.

१२९२ मध्ये राजा दुसरा वात्स्लाव याने गाव विश्शी ब्रोद इथल्या सिस्टर्शियन या ख्रिस्ती पंथाच्या मठाला दिलं आणि १८४८ पर्यंत ते मठाकडेच राहिलं. या मालकीचा परिणाम १५२० नंतरच्या प्लेगात दिसला. १५२० ते १५२५ दरम्यान गाव जवळपास संपलं. दोनच जण वाचले म्हणतात. मठाला सारा आणि वेठ हवी होती, शेती पडीक ठेवून चालणार नव्हतं. त्याने बव्हेरिया आणि ऑस्ट्रिया या जर्मनभाषक प्रदेशांतून कुळं आणून बसवली. नवी माणसं आली ती जुन्याच हद्दींत. भाषा मात्र बदलली: १८९५ च्या नोंदीत १५७ जर्मन आणि १९ चेक.

आज दिसणाऱ्या दर्शनी भिंती मुख्यतः अठराव्या-एकोणिसाव्या शतकातल्या. आधीची लाकडी घरं आगीला सहज बळी पडत. पुढे दगड-विटांचं बांधकाम रुळलं. १८४८ मध्ये वेठ गेली, जमीन स्वतःची झाली, आणि हाती आलेला पैसा घराच्या तोंडावर दिसू लागला. गावोगावच्या गवंड्यांनी शहरी बरोक (भरघोस, वळणदार सजावटीची युरोपी शैली) नक्षी चुन्याच्या गिलाव्यात उतरवली, तीही शहरांत ती शैली मागे पडल्यावर. चौकाकडे दोन त्रिकोणी माथ्यांच्या भिंती, मध्ये कमानीचं फाटक. एका बाजूला कुटुंब राही, दुसऱ्या बाजूला कोठी किंवा म्हाताऱ्यांचं घर. मुलाच्या नावावर शेत करताना आईवडिलांना किती धान्य, किती दूध द्यायचं हे करारातच लिहीत; आपल्याकडच्या बऱ्याच वाटण्यांपेक्षा हे स्पष्ट होतं. माथ्यावरचं साल वाचताना सावध राहावं: ते बऱ्याचदा दर्शनी काम केल्याचं असतं, घर बांधल्याचं नव्हे.

दुसऱ्या महायुद्धानंतर चेकोस्लोव्हाकियातून सुमारे ३० लाख जर्मनांना बाहेर काढलं. होलाशोवित्सेचे बहुतेक वाडे रिकामे झाले. साम्यवादी काळात कित्येक पडायला आले, पण त्यामुळेच कोणी नवे स्लॅब टाकले नाहीत की चौकात इमारती उठवल्या नाहीत. गाव वाचलं ते दुर्लक्षामुळे, हे कटू आहे. १९९० नंतर गावात पुन्हा माणसं राहू लागली आणि दुरुस्त्या सुरू झाल्या.

दुरुस्तीत नेहमीची चूक सिमेंटची. जुन्या भिंतींना खाली ओलरोधक थर नसतो. जमिनीतली ओल वर चढते आणि चुन्याच्या गिलाव्यातून उडून जाते. वर सिमेंटचा थर दिला की ओल आत अडते, क्षारांचे स्फटिक बनतात आणि नक्षीसकट गिलावा पापुद्र्यांनी सुटतो. थंडीत तेच पाणी गोठून फुगतं आणि पडझड वाढवतं. म्हणून चुन्याचाच गिलावा, पातळ थरांत, प्रत्येक थर वाळू देत करावा लागतो. कडाक्याची थंडी पडण्याआधी काम उरकायचं. दर्शनी भिंतींकडे निदान सगळ्यांची नजर असते. मागचं कोठार पाडून तिथे काही वेगळं बांधलं, तर चौकातून पाहणाऱ्याला पत्ता लागत नाही, पण घर-अंगण-कोठार-शेत ही तेराव्या शतकातली रांग त्या वाड्यापुरती तुटते.